मुदत : जन्मभर

टिटवाळा,
५ जानेवारी २०२६

प्रिय कांताआत्या,
जय भीम.

पाकीट बघून घाबरू नकोस, कोणी गेलेलं नाही. जन्मभर पोस्टात लोकांच्या पाकिटांवर शिक्के मारलेस, आता एक तुझ्या नावाचं आलं म्हणून खूश हो.

फोन का नाही केला, मेसेज का नाही टाकला म्हणशील. फोन करावा तर आमचं घर म्हणजे एक खोली आणि किचन. पॅरालिसिसने पप्पांची वाचा गेली, पण कान आधीपेक्षा तिखट झालेत. आणि मेसेज करावा तर तू! तुला खासगीत विचारलेलं तू फॅमिली ग्रुपवर उत्तर देतेस. मागे त्या कळव्याच्या मुलाचा फोटो पाठवलेला, तर "नाक जरा बसकं आहे, पण घर बरं वाटतं" हे तू सगळ्यांसमोर टाकलंस. दोन्ही वहिन्या आठवडाभर हसत होत्या.

शिवाय आता ग्रुपवर आपण घरचेच नाही. महेंद्रदादाने डिसेंबरात तो 'सोबती' लावलाय ना, तो एआयवाला. त्याच्या कंपनीत म्हणे असंच चालतं. माणसं आपसांत बडबडत असतात, हा सगळं वाचतो, त्यातून कोणी काय करायचं ते उपसून काढतो आणि सकाळी आठला लिस्ट टाकतो. काम काय, कोणाचं, मुदत काय. दादा म्हणाला, आता कटकट बंद, सगळं क्लिअर.

क्लिअरच झालं गं. महेंद्रदादाची नयनवहिनी ठाण्याहून विचारते, "पप्पांचे डायपर संपत आले असतील ना?" मी म्हणते, "हो." सकाळी लिस्टमध्ये: डायपर आणणे, प्रियांका. प्रशांतदादा डोंबिवलीहून विचारतो, "फिजिओवाला आलेला का?" मी म्हणते, "नाही." सकाळी: फिजिओला फोन करणे, प्रियांका. जो उत्तर देईल त्याच्या गळ्यात काम. आणि पप्पांजवळ मीच आहे, तर उत्तर दुसरं कोण देणार? दोघे दादा लिस्टला फक्त होकाराचा अंगठा टाकतात. एकदा वैतागून मी दिवसभर गप्प बसले, तर दुसऱ्या दिवशी 'कालची राहिलेली कामे' म्हणून माझंच नाव परत. आधी निदान वाटायचं की मी आपणहून करतेय. आता रोज सकाळी आठला कोणीतरी हजेरी घेतल्यासारखं वाटतं.

आता खरी गोष्ट. बसून वाच. मला नोकरी लागली. सरकारी, लिपिक, रत्नागिरीला. पप्पांच्या कॉटला पाठ टेकून अभ्यास केलेला, त्याचं फळ. पण २ फेब्रुवारीला रुजू झाले नाही तर नाव खाली जातं आणि जागा वेटिंगवाल्याला. परत परीक्षा कधी निघेल, निघाली तर मी पास होईन का, कोणाला माहीत!

ग्रुपवर सांगायची माझी छाती होत नाही. पप्पांनाही सांगितलेलं नाही. त्यांचा डावा हात चालतो, मोठी अक्षरं करून ते दिवसभर ग्रुप वाचत पडलेले असतात. मी गेले तर त्यांचं कोण करेल? आणि नाही गेले तर माझं काय होईल? रोज तोच विचार, त्याच खोलीत. तूच सांग, कसं सांगू. आणि आत्या, हात जोडते, ग्रुपवर यातलं काही टाकू नकोस.

तुझी,
प्रियांका

—

नौपाडा, ठाणे
८ जानेवारी

चि. प्रियांकास अनेक आशीर्वाद.

गधडे, असली बातमी कोणी पाकिटात कोंबून पाठवतं का? वाचलं आणि तशीच चपला घालून खाली गेले, पेढे आणले. मजल्यावर सगळ्यांना वाटले आणि कशाचे ते सांगितलं नाही. समोरच्या प्रफुल्लची आई विचारते, "मावशी, तुमचं जमलं की काय कुठे?" जमलं म्हटलं, नाक जरा बसकं आहे.

आपल्या घराण्यात सरकारी खुर्चीवर बसणारी माझ्यानंतर तूच. तुझ्या बापाला, सखारामला, कळलं तर तो एका हाताने टाळी वाजवेल. तू जाणार आहेस, एवढं मनाशी पक्कं धर.

आता तुझ्या प्रश्नाचं. कसं सांगू, विचारतेस. अगं, आपल्या घरात कोणी कोणाला तोंडावर काही सांगितलंय का आजवर? तुझ्या आईला कधी 'नको' म्हणताना ऐकलंस? तिला नकोसं असलं की ती "बघा बाई, तुमची मर्जी" म्हणायची आणि समोरचा माणूस उठून जायचा. सरळ बोललं की भांडण होतं. आडून बोललं की काम होतं. काउंटरवर रांग मोडून कोणी पुढे आला तर मी कधी ओरडले नाही. "या साहेब, आत या, खुर्ची देऊ का?" एवढंच म्हणायची. कानाच्या पाळ्या लाल करून मागे जायचा.

रविवारी तुझ्या आईचा पहिला स्मृतिदिन. दोन्ही दिवटे येतीलच. त्याआधी त्यांना चार शालजोडीतले देते. तुझ्या नोकरीचा 'न'सुद्धा काढणार नाही, शब्द दिला. पण लाज वाटेल असं लिहीन. एकदा लाजले की तू सांगायच्या आत तेच म्हणतील, "प्रियांका, आता थोडं आम्ही करतो." तुमचं ते मशीन काय वाचायचं ते वाचू दे. टोमणा ज्याला लागायचा त्याला लागतोच.

तुझी आत्या,
कांता

—

टिटवाळा,
१२ जानेवारी

आत्या,

काय करून ठेवलंस हे?

शुक्रवारी प्रशांतदादाने ग्रुपवर विचारलं, आईच्या दिवसाचं कोण काय बघतंय. आणि तू लिहिलंस. मी तुझंच तुला वाचून दाखवते: "विचारायचं काय त्यात? प्रियांका आहे ना खंबीर! बापाचं जन्मभर तिनेच करावं. महेंद्रने वर्षातून एकदा हार घेऊन यावं, प्रशांतने भरलं वांगं खावं, आणि दोघांनी हात पुसून घरी जावं. असंच ठरवून टाका एकदाचं."

वाचून मी हसले, खोटं कशाला बोलू. म्हटलं, बसली आत्याची!

शनिवारी सकाळी आठला लिस्ट आली:

पप्पांची देखभाल: प्रियांका. मुदत: जन्मभर.
हार आणणे: महेंद्र. मुदत: वर्षातून एकदा.
भरलं वांगं खाणे: प्रशांत.
निर्णय: कांताआत्या.

महेंद्रदादाचा अंगठा. प्रशांतदादाचा अंगठा. आणि खाली महेंद्रदादा लिहितो, "थँक यू आत्या. मोठ्यांनी ठरवलं की बरं असतं."

तू म्हणशील, त्यांना कळलं नाही. आत्या, चांगलं कळलं. शुक्रवारी तुझा मेसेज वाचून दोघे गप्प होते, एक अक्षर लिहिलं नाही. लागलं होतं त्यांना. पण सकाळी त्या लिस्टमध्ये तुझा टोमणा टोमणा राहिला नव्हता, ठराव झाला होता. टोमण्याला अंगठा टाकायला लाज वाटते, ठरावाला कोणाला वाटते?

आणि काल काय झालं ते तूच डोळ्यांनी पाहिलंस. महेंद्रदादा हार घेऊन आला. वंदना झाली. प्रशांतदादाने तिसऱ्यांदा वांगं घेतलं आणि म्हणाला, "माझं काम मी पूर्ण केलं." सगळे हसले. मी वाढत होते, तुझ्याकडे बघत होते. म्हटलं, आता बोलेल. तू मान खाली घालून भात कालवत होतीस. एरवी तुझी जीभ कोणाला ऐकत नाही, काल कुठे गेलेली?

अजून एक, जे तुला माहीत नाही. प्रशांतदादा कल्याणला अर्ध्या दिवसाची आया शोधत होता. काल भांडी आवरताना नयनवहिनी म्हणाली, "आता ते नको म्हटलं, उगाच परकी बाई घरात. तुझं ठरलंच आहे ना."

पप्पांनी पण वाचलंय. शनिवारी सकाळी फोन त्यांच्या छातीवर होता. जन्मभर हा शब्द त्यांनी किती वेळ बघितला असेल मला माहीत नाही. मी चहा घेऊन गेले तर त्यांनी फोन उपडा केला.

राग आलाय मला तुझा, आणि रागवायला दुसरं कोणी नाही म्हणूनही येतोय.

प्रियांका

—

नौपाडा,
१५ जानेवारी

चि. प्रियांका,

तुझं पत्र दोनदा वाचलं. तिसऱ्यांदा उघडायचं धाडस झालं नाही.

दुरुस्त करायला मी गेले होते. मंगळवारी ग्रुपवर लिहिलं, "अरे, मी उपरोधाने बोलले होते, त्याचं कसलं काम करता?" तर ते मशीन लगेच विचारतं, "दुरुस्ती करतो. पप्पांची देखभाल कोणाच्या नावे नोंदवू?" सगळे बघतायत. महेंद्र बघतोय, नयन बघतेय, सखाराम बघतोय. कोणाचं नाव लिहायचं? महेंद्रचं लिहावं तर म्हणेल, आत्या, तुम्ही कोण ठरवणार? माझं लिहावं तर तिसरा मजला, लिफ्ट नाही, आणि माझे गुडघे मलाच वर आणत नाहीत, सखारामला कसे आणतील? बोट तसंच हवेत राहिलं. मग काय केलं सांगू? ग्रुप सोडला. रांग मोडणाऱ्यांना मागे पाठवणारी तुझी आत्या स्वतः पळून गेली.

रविवारी गप्प का बसले विचारलंस. बाई, मला आडूनच बोलता येतं. आडून बोललेलं उघडं पडलं की पुढे काय बोलायचं, ते मला कोणी शिकवलंच नाही. टोमणा मारणाऱ्याला सगळे धीट समजतात. तसं काही नसतं. समोर उभं राहून 'हे चूक आहे' म्हणायची हिंमत नसते, म्हणून तो मारायचा.

तू माझ्यासारखं करू नकोस. तू सरळ लिही. "मला नोकरी लागली, मी २ तारखेला रुजू होतेय." एवढंच. खाली 'चालेल ना?' वगैरे काही लिहू नकोस.

कांताआत्या

—

टिटवाळा,
२० जानेवारी

आत्या,

लिहिलं. तू सांगितलंस तसं, सरळ. शनिवारी दुपारी पप्पा झोपलेत बघून लिहिलं.

पहिले सगळ्यांनी अभिनंदन केलं. फुलं, टाळ्या, लाडू, काय काय चित्रं. महेंद्रदादाने लिहिलं, "प्राउड ऑफ यू प्रियू." मला रडायलाच आलं. रविवारी सकाळी लिस्ट:

रत्नागिरीला रुजू होणे: प्रियांका. मुदत: २ फेब्रुवारी.
अडचण: 'पप्पांची देखभाल, जन्मभर' हे काम प्रियांकाकडे आहे.
पर्याय शोधणे: प्रियांका. मुदत: ३१ जानेवारी.

अंगठा, अंगठा, आणि या वेळी नयनवहिनीचाही अंगठा.

मी महेंद्रदादाला फोन केला. म्हणाला, "आम्ही कुठे नाही म्हणतोय? तू जा ना. फक्त पप्पांचं नीट लावून जा." प्रशांतदादा म्हणाला, "इथे कल्याणलाच काही बघू की तुझ्यासाठी." नाही कोणीच म्हणत नाही, हाच तर ताप आहे. कोणी नाही म्हटलं असतं तर मी भांडले तरी असते. भिंत असती तर डोकं आपटलं असतं, इथे नुसती कापसाची गादी.

आया पुरवणाऱ्या दोन ब्युरोंना फोन केले. एक बाई येऊन गेली. स्टेशनपासून इतक्या आत बिल्डिंग आहे बघून म्हणाली, "ताई, इथे रिक्षा तरी मिळते का संध्याकाळी?" आणि गेली.

त्यात नवीनच झालंय. रविवारपासून पप्पा माझ्या हातचं खात नाहीत. चमचा नेला की ओठ घट्ट. शेजारच्या मालनकाकू आल्या तर त्यांच्या हातून वाटीभर पेज घेतली. मी दिलेलं पाणीसुद्धा घेत नाहीत. रागावलेत. त्यांनी ग्रुपवर वाचलं की पोरगी टाकून चालली. अगं, मीच अंघोळ घालते, मीच कूस बदलते, आणि माझ्याकडे बघतही नाहीत. एवढं मला कोणाचंच लागलं नव्हतं, तुझ्या भाच्यांचंसुद्धा.

शेवटी काल मी त्यांच्या कानाशी बसून सांगितलं, "पप्पा, नाही जात मी. नोकरी नको मला. आता तरी खा." तर त्यांनी डाव्या हाताने ताट उडवलं. भात भिंतीपर्यंत गेला.

मी ठरवलंय. नाही जात. तू वाईट वाटून घेऊ नकोस. ज्याचं जे ठरलंय ते ठरलंय.

प्रियांका

—

नौपाडा,
२३ जानेवारी

अगं वेडे!

एवढी परीक्षा पास झालीस आणि बाप वाचता येईना तुला? नोकरी नको म्हणालीस आणि त्याने ताट उडवलं. जाणार म्हणून रागावला असता, तर राहते म्हटल्यावर खाल्लं असतं ना त्याने? तो रागावलेला नाही, बाई. तो तुला घराबाहेर काढतोय. त्याला बोलता येत नाही आणि ग्रुपवर एक ओळ लिहायला त्याला सकाळची दुपार होते. त्याच्याकडे तोंड बंद ठेवणं एवढंच उरलंय, तेच तो करतोय.

मला कसं ठाऊक? मी सातवीत असताना आमच्या बाबांनी माझी शाळा बंद केली. सखाराम माझ्याहून धाकटा, एवढासा. त्याने आईला सांगितलं, ताई शाळेत जाईपर्यंत तुझ्या हातची भाकर खाणार नाही. बाबांनी झोडपला. शेजारी जाऊन खायचा, पण घरात घास नाही. शेवटी आईच बाबांवर उलटली. मी पोस्टात लागले ती त्या हट्टामुळे. माणूस वाचा गेली म्हणून बदलत नाही.

आणि आता माझं ऐक. काल मी महेंद्रला फोन केला. म्हटलं, "महेंद्र, टोमणा नाही, सरळ बोलतेय. तुझा बाप रविवारपासून प्रियांकाच्या हातचं खात नाही. तिला जाऊ द्यायचंय त्याला. तो आता तुझ्या आणि प्रशांतच्या हातून खाईल, नाहीतर मालनबाई येतील तेव्हाच खाईल. रविवारी ये आणि भरव." तो म्हणाला, "आत्या, परत ग्रुपवर या आणि तिथे टाका ना, म्हणजे प्रशांतलाही..." मी म्हटलं, "नाही टाकणार. तू ये." आणि ठेवला. असं बोलायला साठी उलटून जावी लागली, काय सांगू.

तू बॅग भर. कपाटाआड नाही, कॉटसमोर भर, त्याला दिसेल अशी.

कांताआत्या

—

रत्नागिरी,
१ फेब्रुवारी

प्रिय आत्या,
जय भीम.

आज सकाळी पोचले. लॉजवर आहे, उद्या रुजू. खिडकीतून नुसती नारळाची झाडं दिसतात आणि मला सारखं वाटतंय की कोणीतरी हाक मारतंय.

तुला सगळं सांगायचं राहिलंय. मी बॅग कॉटसमोर भरली. पप्पा एकेक कपडा बघत होते, पण माझ्याकडे नाही. गेल्या रविवारी महेंद्रदादा आला, लॅपटॉप घेऊनच. म्हणाला, दोन तासांत निघतो. मी मऊ भाताची वाटी त्याच्या हातात दिली. त्याला बापाला भरवता येत नव्हतं गं. चमचा दातांवर आपटला, अर्धा भात मानेवर. तरी पप्पांनी वाटी संपवली. दादाच्या डोळ्यांत पाणी आलेलं. मला म्हणाला, मिरची जास्त झालीय. मऊ भातात कसली मिरची?

संध्याकाळी तो निघाला. मी दूध घेऊन गेले तर पप्पांचे ओठ परत घट्ट. दादा दारात चप्पल घालून बघत होता. चप्पल काढली आणि आत आला. दुसऱ्या दिवशी प्रशांतदादाला बोलावून घेतलं. आतमध्ये दोघांचं भांडण झालं, मोठ्याने, नावं घेऊन. प्रशांतदादा म्हणाला, "मला नाही जमणार!" महेंद्रदादा म्हणाला, "मलाही नाही जमत, तरी करतोय ना!" आत्या, आपल्या घरात पहिल्यांदा कोणीतरी नाही म्हणालं. मला केवढं बरं वाटलं. सध्या महेंद्रदादा टिटवाळ्यातूनच ऑफिसचं काम करतोय, शनिवार-रविवार प्रशांतदादा. किती टिकेल माहीत नाही. ग्रुपवर यातलं काहीच गेलेलं नाही, त्यामुळे लिस्टमध्ये अजून माझंच नाव आहे. आज सकाळी आठलाही आलेलं. मी गाडीतून उतरत होते, आणि बघ, आधी मनात आलं की आज काय काय राहिलंय.

काल निघताना पाया पडले. वाटलं, आता तरी. सगळं त्यांच्या मनासारखं झालंय, आता कशाला हट्ट? ग्लास घेऊन बसले. म्हटलं, "पप्पा, एक घोट. मी जातेय, खरंच जातेय, बॅग दारात आहे." त्यांनी डोळे मिटले आणि ओठ आत घेतले. त्यांची हनुवटी थरथरत होती. मला ठाऊक आहे ते का करत होते. माझ्या हातचं पाणी घेतलं असतं तर मी गेले नसते, हे त्यांना माझ्याहून जास्त कळत होतं. तरी आत्या, लागायचं ते लागलंच.

मालनकाकूंनी माझ्या हातातून ग्लास घेतला. त्यांच्या हातून ते सगळं पाणी प्यायले, माझ्यासमोर, एक थेंब न सांडता.

तुझी,
प्रियांका